'डेर लेट्स्टे मान' : गणवेश, प्रतिष्ठा आणि एक पाटी

फ्रीडरिख विल्हेल्म मुर्नाउ यांचा 'डेर लेट्स्टे मान' हा मूकपट डिसेंबर १९२४ मध्ये बर्लिन येथे प्रदर्शित झाला. कार्ल मायर यांच्या पटकथेतील नायकाला नाव नाही. 'अटलांटिक' हॉटेलचा वृद्ध दरवान एवढीच त्याची ओळख, आणि तीही त्याच्या झगमगत्या गणवेशात सामावलेली. त्या गणवेशामुळे गरीब वस्तीतील शेजारी त्याला एखाद्या सेनापतीसारखे वंदन करतात. जड पेटी उचलताना त्याला लागलेली धाप व्यवस्थापकाच्या नजरेस पडते आणि त्याची रवानगी स्वच्छतागृहात, गिऱ्हाइकांच्या हाती टॉवेल देण्याच्या कामावर होते.

येथे नोकरी गेलेली नाही, गेला आहे तो गणवेश. म्हणूनच घरातील लग्नाच्या रात्री तो गणवेश चोरतो. दुसऱ्या दिवशी स्थानकावरील सामानघरात ठेवतो आणि घरी परतताना पुन्हा चढवतो. दरम्यान सत्य उघड झालेले असते. कालचे वंदन करणारे आज खिदळतात. प्रतिष्ठा त्याची नव्हतीच. हॉटेलाने ती उसनी दिली होती.

अखेर तो रात्री गणवेश परत करतो. तेथे पहारेकरी स्वतःचा साधा कोट त्याच्या अंगावर घालतो. कोणताही दर्जा न देणारे हे एकमेव वस्त्र. नायकाचा उद्धार या चित्रपटात कोठे असेल, तर तो येथेच आहे.

संवादाची एकही पाटी न वापरता, पत्रासारखा मोजका लिखित मजकूर सोडल्यास, हे सारे एमिल यानिंग्ज यांचा अभिनय व कार्ल फ्रॉइंड यांचा फिरता कॅमेरा सांगतात. मद्यधुंद दृश्यासाठी फ्रॉइंड यांनी कॅमेरा छातीला बांधला होता. मात्र यानंतर अचानक निवेदकाची पाटी येते: वास्तवात कथा येथेच संपली असती, परंतु लेखकाला दया आली. लगेच एका लक्षाधीशाचा वारसा नायकाला मिळतो. या शेवटाला अनेकांनी बाजारू तडजोड म्हटले आहे. तथापि कथाबाह्य निवेदकाने स्वतःच दिलेली ही कबुली शेवटाला उपरोधाचे रूप देते. पूर्वी गणवेशाला मिळणारा मान आता पैशाला मिळतो, इतकेच. 'द लास्ट लाफ' या इंग्रजी शीर्षकाने सारा भार या भागावर टाकून मूळ शीर्षकातील 'अखेरचा माणूस' दृष्टीआड केला आहे. या सुखान्तात खरे वाटते ते एवढेच, की मेजवानीत नायक त्या पहारेकऱ्याला आपल्या शेजारी बसवून आग्रहाने खाऊ घालतो.