कन्सोल भरला, पण कशाने?

सोनीचा प्लेस्टेशन ५ नोव्हेंबर २०२० मध्ये परदेशात आणि २ फेब्रुवारी २०२१ ला भारतात विक्रीला आला, तेव्हा त्यातली साठवणीची जागा ८२५ जीबी असल्याचं सांगितलं जात होतं. टीव्हीला जोडून सुरू केल्यावर मात्र गेमसाठी सुमारे ६६७ जीबीच हाती लागत. बाकीची जागा यंत्राने स्वतःच्या कारभारासाठी राखलेली. मायक्रोसॉफ्टचा स्वस्तातला एक्सबॉक्स सिरीज एस घेणाऱ्याची स्थिती आणखी अवघड, ५१२ जीबीपैकी वापरायला ३६४. अशा जागेत २०१९ चा ‘कॉल ऑफ ड्यूटी: मॉडर्न वॉरफेअर’ त्याच्या सगळ्या भागांसह दोनशे जीबीच्या वर पसरला होता. म्हणजे चार-पाच मोठे गेम घेतले की पडद्यावर जागा अपुरी असल्याची सूचना येणारच. तिच्यावर घरात दोन प्रतिक्रिया उमटतात. मुलं म्हणतात, काहीच काढता येणार नाही, नवीन ड्राइव्ह आणा. आईवडील म्हणतात, एवढं साठवता कशाला. दोघांच्याही बोलण्यामागचं गृहीतक एकच आहे, ते म्हणजे कन्सोलमध्ये जे भरलंय ती खेळणाऱ्याची कमाई आहे. ते तपासून पाहिलं तर टिकत नाही. भरलेल्या जागेतला बहुतेक भाग ही कंपनीच्या मालाची एक प्रत असते, मागितली की पुन्हा मिळणारी. खेळणाऱ्याचं स्वतःचं असं जे काही त्यात असतं, ते सहसा मोबाइलमधल्या दोन-चार फोटोंएवढी जागा घेतं.

ही प्रत एवढी अवजड का असते, हे आधी पाहायला हवं. गेममधली भिंत, रस्ता, माणसाचा चेहरा, अंगातला कोट यांच्यावर चित्रं चिकटवलेली असतात. त्यांना टेक्स्चर म्हणतात. चारही बाजूंनी ४,०९६ बिंदूंचं एक चौकोनी टेक्स्चर घेतलं तर त्यात १ कोटी ६७ लाखांहून जास्त बिंदू येतात. प्रत्येक बिंदूच्या रंगाला चार बाइट धरले तर एका चित्राला ६७ एमबी लागतात. ते दाबून लहान केलं जातं, तरी एका मोठ्या गेममध्ये अशी हजारो चित्रं असतात. शिवाय बाजू निम्मी केली की चित्र निम्मं न होता पाव होतं, म्हणजे उलट्या दिशेने, टीव्ही फोर-के झाले आणि चित्रांची बाजू दुप्पट झाली तेव्हा जागा चौपट लागू लागली. आवाजाचं प्रकरण वेगळं. २०१४ साली आलेल्या ‘टायटनफॉल’च्या पीसी आवृत्तीला ४८ जीबी लागत आणि त्यातले ३५ जीबी निव्वळ ध्वनी होता, तोही मुद्दाम न दाबलेला. दाबलेला आवाज खेळताना उलगडण्यात प्रोसेसरची शक्ती जाते, आणि कमी ताकदीच्या संगणकांवर ती शक्ती खेळासाठी राखायची होती, असं निर्मात्यांनी तेव्हा सांगितलं. जागा खर्च करून वेग विकत घेतला, आणि खर्च झालेली जागा ग्राहकाची होती.

तिसरं कारण सर्वांत मजेशीर आहे. प्लेस्टेशन ४ मध्ये फिरती हार्ड डिस्क होती. तिच्यावरची माहिती वाचायला एका टोकाला सरकत योग्य जागी जावं लागतं आणि या सरकण्यात वेळ जातो. शहरभर वेगाने झोके घेत फिरणाऱ्या स्पायडर-मॅनला तेवढा वेळ परवडत नाही. म्हणून शहराच्या प्रत्येक भागाची माहिती एका ठिकाणी सलग ठेवली जाई, आणि त्या भागात टपालपेटी असेल तर टपालपेटीही त्याच्यासोबत पुन्हा एकदा. प्लेस्टेशन ५ चे मुख्य रचनाकार मार्क सर्नी यांनी मार्च २०२० मधल्या सादरीकरणात सांगितलं की ‘मार्व्हल्स स्पायडर-मॅन’मध्ये माहितीचे काही तुकडे डिस्कवर चारशे वेळा नोंदलेले होते. नव्या कन्सोलमधल्या एसएसडीत सरकणारं टोकच नाही, त्यामुळे ही पुनरावृत्ती तिथे गरजेची उरली नाही. तरीही गेम लहान झाले असं सरसकट म्हणता येत नाही, कारण वाचलेली जागा चित्रांच्या वाढत्या तपशिलाने गिळली.

आता खेळणाऱ्याच्या कमाईकडे वळू. कुठवर पोहोचलो, कोणती शस्त्रं मिळवली, कोणाला हरवलं, ही नोंद सेव्ह फाइलमध्ये असते. ती बहुतेक गेममध्ये काही एमबींची असते, आणि गेम काढला तरी ती जात नाही. प्लेस्टेशन, एक्सबॉक्स आणि निन्टेंडो स्विच या तिन्हींवर गेम आणि सेव्ह वेगवेगळे ठेवलेले असतात. गेम पुन्हा उतरवला की खेळ थांबला होता तिथून सुरू होतो. स्विचमध्ये तर गेम काढून त्याचं चित्र पडद्यावर तसंच ठेवण्याची सोयही आहे. डिलीट म्हणताच मुलांचा जीव वरखाली होतो तो या सेव्हसाठी, आणि नेमकी तीच सुरक्षित असते. धोका असतो तो दुसरीकडे: कन्सोल मूळ स्थितीला नेताना, त्यावरचं खातं काढून टाकताना, किंवा जागा करायची म्हणून सेव्हच्या यादीत शिरून काही एमबींसाठी शंभर तासांचा खेळ पुसताना. या बाबतीत कंपन्यांचं वागणं सारखं नाही. एक्सबॉक्स इंटरनेटला जोडलेला असला की सेव्हची प्रत वेगळे पैसे न घेता क्लाउडवर ठेवतो. सोनी त्यासाठी प्लेस्टेशन प्लसची वर्गणी मागते, आणि प्लेस्टेशन ५ च्या गेमचे सेव्ह साध्या पेनड्राइव्हवर उतरवूही देत नाही. प्लेस्टेशन ४ ची ती मुभा नव्या यंत्राच्या गेमना राहिली नाही. ज्या चिमुकल्या गोष्टीवर ग्राहकाचा खरा हक्क, तिच्याच रखवालीचे पैसे मागायचे, हे मला पटत नाही.

यावर पहिला आक्षेप डिस्क विकत घेणाऱ्यांचा. आम्ही डिस्क आणली, मग गेम कन्सोलमध्ये जागा का अडवतो? कारण ब्लू-रे डिस्क वाचण्याचा वेग आजच्या गेमला पुरत नाही. प्लेस्टेशन ४ पासून डिस्कवरचा गेम आधी यंत्रात उतरवावाच लागतो आणि खेळताना डिस्क केवळ मालकीचा पुरावा म्हणून आत ठेवायची. डिस्कने जागा वाचत नाही, पुन्हा उतरवण्याचा काही डेटा मात्र वाचतो. स्विचचं कार्ड याला अपवाद होतं, त्यावरचा गेम थेट कार्डावरून चालतो. पण जून २०२५ मध्ये आलेल्या स्विच २ साठी काही गेम अशा कार्डावर विकले जातात की ज्यात गेम नसतोच, तो उतरवून घेण्याची किल्ली तेवढी असते. हातात वस्तू आली म्हणजे गेम आला, असं समजण्याचे दिवस त्यामुळे संपत चालले आहेत.

दुसरा आक्षेप जास्त वजनदार आहे. पुन्हा उतरवून घ्या, हे सांगणं सोपं. पण आपल्याकडे ते किती जणांना परवडतं? घरात ३० एमबीपीएसची फायबर जोडणी असेल आणि वेग पूर्ण मिळाला, तर १०० जीबी उतरायला साधारण साडेसात तास लागतात. महिन्याला ३,३०० जीबींची मर्यादा असलेल्या घरगुती जोडणीत हा भार सहज मावतो. रात्री लावून ठेवला की सकाळी गेम तयार. पण जिथे फायबर पोहोचलेला नाही आणि मोबाइलच्या रोजच्या दोन जीबींवर सगळं चालतं, तिथे तोच गेम उतरायला पन्नास दिवस लागतील. अशा घरात गेम काढणं म्हणजे तो गमावण्यासारखंच, हे मान्य करायला हवं. पण त्यावर महागड्या एसएसडीची गरज नाही. साधी यूएसबी हार्ड डिस्क प्लेस्टेशन ५ ला जोडता येते. तिच्यावरून प्लेस्टेशन ५ चे गेम खेळता येत नाहीत, पण एप्रिल २०२१ च्या अपडेटपासून ते तिच्यावर हलवून ठेवता येतात आणि हवे तेव्हा परत आणता येतात, इंटरनेटचा एक बाइटही न खर्चता. प्लेस्टेशन ४ चे जुने गेम तर तिच्यावरून थेट चालतात, त्यामुळे आतल्या वेगवान जागेतून पहिल्यांदा तेच बाहेर काढावेत. डिस्क जोडल्यावर कन्सोल ती कोरी करून घेतो, म्हणून घरातल्या लग्नाचे फोटो असलेली डिस्क जोडू नये, एवढं मात्र सांगायला हवं.

मग मोठी एसएसडीच का घेऊ नये? घेता येते. प्लेस्टेशन ५ मध्ये त्यासाठी एम.२ जातीची खाच असून सप्टेंबर २०२१ च्या अपडेटपासून ती वापरता येते. वाचण्याचा वेग सेकंदाला ५,५०० एमबी किंवा जास्त असावा अशी सोनीची शिफारस आहे आणि उष्णता ओढून घेणारी धातूची पट्टी, म्हणजे हीटसिंक, बसवणं आवश्यक आहे. एकाच घरात तीन-चार जण वेगवेगळे गेम खेळत असतील तर हा खर्च समजू शकतो. एकट्याने खेळणाऱ्याचं गणित वेगळं असतं. एका वेळी तो मनापासून दोन, फार तर तीन गेम खेळतो. बाकीचे ‘कधीतरी’साठी पडून असतात. हे ‘कधीतरी’ साठवायला पैसे मोजायचे का, हा प्रश्न ड्राइव्हच्या किमतीआधी विचारायला हवा, कारण दोन टेराबाइटही भरतातच.

तिसरा आक्षेप मात्र माझ्या म्हणण्याच्या मुळावर येतो. प्रत पुन्हा मिळेल, हे कशाच्या भरवशावर? ऑगस्ट २०१४ मध्ये कोनामी कंपनीने प्लेस्टेशन ४ साठी ‘पी.टी.’ नावाचा छोटा भयगेम फुकट दिला. गेमनिर्माते हिदेओ कोजिमा यांच्या येऊ घातलेल्या ‘सायलेंट हिल्स’ या गेमची ती चुणूक होती. पुढे मूळ प्रकल्पच रद्द झाला, एप्रिल २०१५ मध्ये ‘पी.टी.’ स्टोअरवरून काढला गेला, आणि ज्यांनी तो आधी घेतला होता त्यांनाही पुन्हा उतरवता येईना. जागा करण्यासाठी तो काढून बसलेले कायमचे मुकले. ज्यांच्या यंत्रात तो राहिला होता, त्यांनी ती यंत्रं लिलावात चढ्या किमतीला विकायला काढली. नियम साधा आहे: दुकानातून हटवलेला गेम यंत्रात असेल तर त्याला हात लावू नका. मात्र अशी उदाहरणं थोडी आहेत. निन्टेंडोने मार्च २०२३ मध्ये वी यू आणि थ्रीडीएस या आपल्या जुन्या यंत्रांवरची गेमविक्री बंद केली, तेव्हाही आधी विकत घेतलेले गेम पुन्हा उतरवण्याची सोय चालू ठेवली. एका ‘पी.टी.’च्या भीतीने सहाशे जीबी अडवून बसण्यात अर्थ नाही.

प्रत्यक्ष जागा करताना गेमच्याही आधी चित्रफिती पाहाव्यात. प्लेस्टेशन ५ प्रत्येक ट्रॉफी, म्हणजे गेममधला टप्पा गाठल्याचं बक्षीस, मिळाल्यावर न विचारता छोटी चित्रफीत साठवतो. कॅप्चरच्या सेटिंगमध्ये ते बंद करता येतं आणि मीडिया गॅलरीतला जुना साठा एका फटक्यात पुसता येतो. मग सेटिंगमधल्या स्टोरेजमध्ये गेमची यादी आकाराप्रमाणे लावून वरून सुरुवात करावी. सगळ्यांत मोठा गेम पूर्ण काढायची गरज असतेच असं नाही. कॉल ऑफ ड्यूटीसारख्या गेममध्ये एकट्याने खेळायची कथा आणि ऑनलाइन लढाया वेगवेगळ्या काढता येतात, आणि संपवलेली कथा यंत्रात ठेवण्याचं काही कारण नाही. जागा काठोकाठ भरूही देऊ नये. विशेषतः प्लेस्टेशन ४ वर अपडेट बसवताना गेमची दुसरी प्रत तयार होते आणि तेवढी जागा मोकळी लागते. लहानसं अपडेट अडून बसलेलं दिसतं ते यामुळे. मोकळ्या जागेचे आकडे जुळत नसतील तर सेफ मोडमधला डेटाबेस नव्याने बांधण्याचा पर्याय निवडावा, त्यात गेम किंवा सेव्ह पुसले जात नाहीत.

हे सगळं ग्राहकाने का करायचं, कंपन्यांनी गेम लहान करावेत, असंही कोणी म्हणेल, आणि ते रास्तच आहे. एवढे तपशीलवार गेम मोठेच असणार, हे उत्तर नेहमी तयार असतं. ‘हेलडायव्हर्स २’ने ते खोटं ठरवलं. स्वीडनच्या ॲरोहेड स्टुडिओच्या या गेमची पीसी आवृत्ती दीडशे जीबींच्या पुढे गेली होती, कारण फिरत्या हार्ड डिस्कवाल्यांसाठी त्यातही टपालपेटीसारखीच पुनरावृत्ती ठेवलेली होती. खेळाडूंची कुरकूर वाढल्यावर निर्मात्यांनी मोजून पाहिलं, तेव्हा पुनरावृत्ती काढली तरी त्या जुन्या डिस्कवर फार तर काही सेकंद जास्त लागतात असं निघालं. वेळ मुख्यतः रणभूमी रचण्यात जात होता. डिसेंबर २०२५ मध्ये गेम सुमारे २३ जीबींवर आला. खेळ तोच, चित्रं तीच. कन्सोलवर हाच गेम तेव्हाही पस्तीस जीबींच्या आसपास होता.