रस्ता अडला, तर दाद कोठे मागायची?

माहूर : नवरात्रात रेणुकामातेच्या आणि दत्तजयंतीला दत्तशिखराच्या दर्शनासाठी माहूरगडावर भाविकांची रीघ लागते. अशा तीर्थक्षेत्री रस्त्याची हातभर जागाही मोलाची असते. दुकानापुढे वाढवलेला ओटा, वाटेत टाकलेली वाळू, कायमचे उभे केलेले वाहन एरवी खपून जाते. गर्दीच्या दिवशी मात्र रुग्णवाहिका तेथेच अडकते आणि शेजाऱ्यांत वितुष्ट येते. अशा वादावर कायद्याने वेगवेगळे मार्ग ठेवले आहेत. अर्ज चुकीच्या दारात पडला, की प्रश्न वर्षानुवर्षे रेंगाळतो.

पहिला मार्ग पोलिसांचा. सार्वजनिक रस्त्यावर अडथळा करणे हा गुन्हा आहे. जुन्या भारतीय दंड संहितेच्या कलम 283 नुसार त्यासाठी जास्तीत जास्त 200 रुपये दंड होता. 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेच्या कलम 285 मध्ये तो 5 हजार रुपयांपर्यंत वाढला. मात्र दंड भरला म्हणून ओटा हटतोच असे नाही.

अडथळा हटविण्याचा अधिकार कार्यकारी दंडाधिकाऱ्यांना आहे. पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेतील कलम 133 आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत कलम 152 झाले आहे. माहूर तालुक्यासाठी हा अर्ज किनवटच्या उपविभागीय अधिकाऱ्यांकडे करता येतो. पोलिसांच्या अहवालावरून किंवा अन्य माहितीवरून ते सशर्त आदेश काढतात : ठरावीक मुदतीत अडथळा दूर करा, अन्यथा हजर राहून कारणे दाखवा. समोरची व्यक्ती हजर झाली, तर पुरावा घेऊन आदेश कायम किंवा रद्द होतो. नव्या संहितेनुसार ही चौकशी 90 दिवसांत, कारणे नोंदवून फार तर 120 दिवसांत संपवायची आहे. कायम झालेला आदेश पाळला नाही, तर दंडाधिकारी अडथळा काढून खर्च वसूल करू शकतात. धोका तातडीचा असेल, तर चौकशी सुरू असतानाच मनाई हुकूम देता येतो.

या तरतुदीचे सामर्थ्य रतलाम प्रकरणात दिसले. मध्य प्रदेशातील रतलामचे रहिवासी उघड्या गटारांच्या त्रासाने दंडाधिकाऱ्यांकडे गेले. नगरपालिकेने पैसे नसल्याची सबब सांगितली. 1980 मध्ये न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांच्या निकालाने सर्वोच्च न्यायालयाने ती फेटाळली. नागरिकांना मूलभूत सोयी देण्याच्या वैधानिक कर्तव्यातून निधीअभावी सुटका नाही, असा त्याचा आशय होता. म्हणजे असा आदेश खासगी व्यक्तीप्रमाणे स्थानिक संस्थेलाही लागू होऊ शकतो.

तरीही या मार्गाला मर्यादा आहेत. दोन शेजाऱ्यांमधील बोळाचा किंवा हद्दीचा वाद येथे चालत नाही. त्रास सर्वसामान्य जनतेला होत असला पाहिजे. ‘हा रस्ता सार्वजनिक नाहीच,’ असे समोरच्याने म्हटले आणि त्यास विश्वसनीय पुरावा दिला, तर हक्काचा निर्णय सक्षम न्यायालयाकडून होईपर्यंत दंडाधिकाऱ्यांना कार्यवाही थांबवावी लागते. म्हणूनच अर्जासोबत नगरपंचायतीचा किंवा भूमापनाचा नकाशा, छायाचित्रे आणि अनेक रहिवाशांच्या सह्या असणे महत्त्वाचे ठरते.

तिसरा मार्ग दिवाणी न्यायालयाचा. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 91 नुसार सार्वजनिक उपद्रवाविरुद्ध न्यायालयाच्या परवानगीने दोन किंवा अधिक व्यक्ती दावा करू शकतात. त्यांचे स्वतःचे विशेष नुकसान झालेले असण्याची गरज नाही. ज्याचे विशेष नुकसान झाले, उदाहरणार्थ ज्याच्या घराचे दारच अडले, तो एकटाही दावा करू शकतो. वेळ अधिक लागतो. पण हक्क कायमचा ठरतो. दंडाधिकाऱ्यांनी रीतसर दिलेल्या आदेशावर मात्र दिवाणी न्यायालयात प्रश्न उपस्थित करता येत नाही. त्यासाठी सत्र न्यायालयात पुनरीक्षण अर्ज करावा लागतो.

रस्त्याच्या कडेला नारळ, प्रसाद विकणाऱ्याचा प्रश्न वेगळा आहे. 2014 च्या पथविक्रेता कायद्यानुसार विक्रेत्याला हटविण्यापूर्वी 30 दिवसांची नोटीस देणे बंधनकारक आहे. रस्ता मोकळा करताना कोणाची रोजीरोटी हिरावली जाऊ नये, ही काळजी कायद्यानेच घेतली आहे. दुसरीकडे, ‘या अडथळ्याने लोकांची सोयच होते,’ हा बचाव सार्वजनिक उपद्रवाला कायदा मान्य करीत नाही.

एक खबरदारी अनेकदा राहून जाते. कारवाई होते, पुढच्या यात्रेला अडथळा पुन्हा उभा राहतो. सार्वजनिक उपद्रव पुन्हा करू नये, असा आदेश देण्याचाही अधिकार दंडाधिकाऱ्यांना आहे. तो मूळ अर्जातच मागून ठेवला, तर दरवर्षी नव्याने हेलपाटे घालण्याची वेळ टळू शकते.