खेळयंत्रांची गोष्ट (भाग ७) : कुलूप निघालेला पीएसपी

गेल्या आठवड्यात आपण टीव्हीला जोडून, कॅसेट खुपसून खेळायचा व्हिडिओ गेम पाहिला. त्याची मोठी अडचण वसई-विरारकरांना समजावून सांगायला नको. वीज गेली की खेळ संपला. २००५ नंतरची काही वर्षं उरलेला महाराष्ट्र भारनियमन सोसत असताना मुंबई शहर त्यातून सुटलेलं होतं. पण भाईंदरची खाडी ओलांडून गाडी नायगावला आली की महावितरणची हद्द सुरू व्हायची आणि नायगाव, वसई, नालासोपारा, विरार या चारही स्टेशनांच्या आसपासच्या घरांत संध्याकाळी अंधार असायचा. शिवाय विरार ते चर्चगेट हे साठ किलोमीटरचं अंतर रोज दोनदा कापणारी तरुण मंडळी होतीच. बॅटरीवर चालणाऱ्या, हातात मावणाऱ्या खेळयंत्राचं महत्त्व अशा ठिकाणी किती असेल, याचा विचार टोकियोत बसलेल्या कोणी केला नसेल. इथे ते यंत्र आलं आणि रुजलं.

ते यंत्र म्हणजे सोनीचा पीएसपी. १२ डिसेंबर २००४ रोजी तो जपानात विक्रीला आला. ४.३ इंचांचा आडवा पडदा, त्यावर ४८० गुणिले २७२ ठिपके, ३२ एमबी मेमरी आणि खेळांसाठी यूएमडी नावाची, प्लॅस्टिकच्या कवचातली १.८ जीबीची छोटी चकती. आखातात किंवा जहाजावर नोकरीला असलेल्या नातेवाइकाने सुट्टीला येताना आणलेला पीएसपी वसईत अनेक घरांनी पाहिला. बाकीच्यांसाठी लॅमिंग्टन रोड होता. मुंबई सेंट्रलला उतरून चालत गेलं की त्या रस्त्यावरच्या दुकानात पहिला प्रश्न ठरलेला असे : ‘गेम टाकून पाहिजे का?’

या ‘टाकून देण्या’मागे काय होतं, ते आज पाहू. गिऱ्हाइकाला फक्त मेमरी स्टिक भरून मिळालेली दिसायची. प्रत्यक्षात त्याआधी यंत्राचं कुलूप काढावं लागे, आणि ते कसं निघालं ही मला या सबंध लेखमालेतली सर्वांत रंजक गोष्ट वाटते.

पीएसपी सुरू झाला की समोर आलेल्या प्रत्येक प्रोग्रॅमवर सोनीची डिजिटल सही आहे का, हे तपासतो. सही नसेल तर तो प्रोग्रॅम चालवत नाही. जपानातल्या अगदी पहिल्या, १.०० आवृत्तीत ही तपासणी ढिली होती आणि २००५ च्या मे महिन्यातच हौशी लोकांनी आपला स्वतःचा छोटा प्रोग्रॅम त्यावर चालवून दाखवला. सोनीने नवी आवृत्ती काढली, हौशींनी तिच्यातही फट शोधली. एकदा ही फट चित्र दाखवणाऱ्या भागात निघाली. मुद्दाम बिघडवलेलं टिफ चित्र उघडलं की यंत्र गडबडायचं आणि त्या गडबडीत बाहेरचा प्रोग्रॅम आत शिरायचा. एकदा ती ‘ग्रँड थेफ्ट ऑटो : लिबर्टी सिटी स्टोरीज’ या खेळाच्या सेव्ह केलेल्या फाइलमध्ये सापडली. प्रत्येक फट पुढच्या आवृत्तीत बुजवली जाई.

मग २००७ च्या ऑगस्टमध्ये पॅन्डोरा बॅटरी आली. पीएसपीच्या बॅटरीत एक चिमुकली चिप असते आणि तिच्यात त्या बॅटरीचा अनुक्रमांक लिहिलेला असतो. हौशींच्या लक्षात आलं, की हा क्रमांक एका विशिष्ट आकड्याने बदलला तर पीएसपी ती बॅटरी सोनीच्या दुरुस्ती केंद्रातली आहे असं समजतो. मग तो स्वतःच्या आतली प्रणाली बाजूला ठेवून थेट मेमरी स्टिकवरून सुरू होतो. म्हणजे सोनीने आपल्या कारागिरांसाठी ठेवलेला मागचा दरवाजा सगळ्यांना सापडला. बिघडून ‘वीट’ झालेले पीएसपी या बॅटरीने जिवंत झाले, आणि डार्क अ‍ॅलेक्स या टोपणनावाच्या प्रोग्रॅमरने तयार केलेली सुधारित प्रणाली जगभरच्या लाखो यंत्रांवर बसली. सोनीने पुढच्या सर्किट बोर्डांत आणि २००८ च्या ३००० मॉडेलमध्ये हा दरवाजा बंद केला, पण तोवर बराच उशीर झाला होता. आज तर ६.६१ या शेवटच्या अधिकृत आवृत्तीवर जवळपास कोणत्याही पीएसपीचं कुलूप घरबसल्या निघतं.

कुलूप निघालं की या यंत्रात त्याच्याही आधीच्या पिढीचे खेळ चालू लागतात. निन्टेंडोच्या ‘गेम बॉय’चे, आपल्या कॅसेटवाल्या मारिओ आणि कॉन्ट्राचे, पहिल्या प्लेस्टेशनचे. हे कसं शक्य होतं?

प्रत्येक खेळ एका विशिष्ट प्रोसेसरच्या भाषेत लिहिलेला असतो. गेम बॉयचा खेळ पीएसपीला दिला तर त्याला त्यातलं एक अक्षर समजत नाही. मध्ये एक दुभाष्या बसवावा लागतो, त्याला एम्युलेटर म्हणतात. साधा दुभाष्या एकेक सूचना वाचतो, तिचा अर्थ लावतो आणि पीएसपीकडून करून घेतो. गेम बॉयचा प्रोसेसर जेमतेम ४.१९ मेगाहर्ट्झचा, त्यामुळे तिथे हे निवांत जमतं. ‘गेम बॉय अ‍ॅडव्हान्स’ मात्र १६.७८ मेगाहर्ट्झवर चालतो आणि एकेका शब्दाला थांबणारा दुभाष्या तिथे मागे पडतो. म्हणून २००६ मध्ये आलेल्या जीपीएसपी या एम्युलेटरने दुसरा मार्ग धरला. खेळाचा आख्खा परिच्छेद एकदाच भाषांतरित करायचा, जपून ठेवायचा आणि तोच भाग पुन्हा आला की तयार भाषांतर वापरायचं. खेळात तेच ते तुकडे सेकंदाला शेकडो वेळा फिरत असल्यामुळे या युक्तीने प्रचंड वेळ वाचतो.

पहिल्या प्लेस्टेशनची गोष्ट तर आणखी सुंदर आहे. त्याचा प्रोसेसर ३३.८७ मेगाहर्ट्झचा, पण तो पीएसपीच्याच एमआयपीएस घराण्यातला. कादोडी बोलणारा आणि मराठी बोलणारा वसईच्या बाजारात भेटले तर दुभाष्याला फारसं काम उरत नाही, तसं इथे होतं. सोनीने स्वतःच नोव्हेंबर २००६ मध्ये, ३.०० आवृत्तीत, हा दुभाष्या पीएसपीत घालून दिला होता. पण त्याने फक्त सोनीच्या दुकानातून विकत घेतलेले खेळच चालवावेत अशी अट होती. हौशींनी ती अट काढली, आणि घरात पडलेल्या जुन्या काळ्या सीडीवरून केलेली प्रतही त्यावर चालू लागली. चालली तीही सोनीच्याच दुभाष्यावर, म्हणून इतकी स्वच्छ चालली.

पडद्याचा हिशेबही सांगण्यासारखा आहे. प्लेस्टेशनचे बरेच खेळ ३२० गुणिले २४० ठिपक्यांचे असतात. ते पीएसपीच्या पडद्यात ताणाताण न करता बसतात, फक्त कडेला काळी चौकट राहते. गेम बॉय अ‍ॅडव्हान्सचं चित्र २४० गुणिले १६०. ते दुप्पट केलं तर उंची ३२० होते आणि पडद्यात मावत नाही; मग ४०८ गुणिले २७२ असं अपूर्णांकाने वाढवावं लागतं आणि अक्षरं किंचित धूसर दिसतात. बरेच जण चित्र संपूर्ण पडदाभर ताणतात. त्यात मारिओ बुटका आणि जाडा होतो. मला ते पाहवत नाही. मूळ प्रमाण ठेवा, काळी चौकट राहू द्या.

सगळंच चालतं असंही नाही. सुपर निन्टेंडोच्या काही कॅसेटमध्ये स्वतःची वेगळी चिप होती, ‘स्टार फॉक्स’मधली सुपर एफएक्स चिप हे प्रसिद्ध उदाहरण. दोन-तीन दुभाषे एकाच वेळी बसवताना पीएसपी धापा टाकतो. सोनीने त्याचा प्रोसेसर मूळ २२२ मेगाहर्ट्झवर बांधून ठेवला होता. सुधारित प्रणालीत तो पूर्ण ३३३ वर नेता येतो. तरीही हे खेळ अडखळतातच, आणि बॅटरी लवकर उतरते ते वेगळंच.

आता कायद्याकडे वळू. ‘जुना खेळ आहे, आता कोण विचारतो’ हा समज चुकीचा आहे. भारतीय कॉपीराइट कायदा १९५७ चा असला तरी त्यात संगणक प्रोग्रॅमचाही विचार आहे, आणि वीस वर्षांचा खेळ या कायद्यासाठी अगदी तरुण असतो. लॅमिंग्टन रोडला टाकून मिळालेले खेळ ही चोरीच होती, ते कबूल करायला हवं. पण त्याच कायद्याचं कलम ५२ कायदेशीररीत्या मिळवलेल्या प्रोग्रॅमची, तो हरवेल किंवा खराब होईल म्हणून, राखीव प्रत करू देतं. २०१२ मध्ये आलेलं कलम ६५अ डिजिटल कुलूप तोडण्याला शिक्षा सांगतं, मात्र हक्कभंग करण्याच्या हेतूने ते तोडलं असेल तर. म्हणजे हेतूला महत्त्व आहे. स्वतःच्या चकतीची स्वतःसाठी प्रत करणारा आणि शंभर खेळ भरून विकणारा, यांना एका मापाने मोजता येणार नाही.

या लेखातला माझा खरा मुद्दा इथेच आहे. यूएमडी वाचणारा ड्राइव्ह संगणकासाठी बाजारात कधी आलाच नाही. ती चकती फक्त पीएसपीतच फिरते, आणि मूळ प्रणालीचा पीएसपी तिची प्रत काढू देत नाही. म्हणजे कायद्याने दिलेली राखीव प्रत प्रत्यक्षात करायची असेल, तर कुलूप काढलेला पीएसपी हेच एक साधन आहे. त्यात चकती घालायची, यूएसबीने संगणकाला जोडायचं आणि सुधारित प्रणालीतून यूएमडी निवडायची. आख्खी चकती एका फाइलच्या रूपात उतरते.

आणि प्रती काढायची वेळ आली आहे. पीएसपीचं उत्पादन २०१४ मध्ये थांबलं. जुलै २०२१ पासून त्याच्यावरून सोनीच्या दुकानात नवी खरेदीही करता येत नाही. अमेरिकेतल्या व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३ मध्ये केलेल्या पाहणीत दिसलं, की तिथे २०१० पूर्वी निघालेल्या खेळांपैकी ८७ टक्के आज विकतच मिळत नाहीत. ती पाहणी अमेरिकेची. आपल्याकडच्या खेळांचं काय? मुंबईच्या ट्राइन गेम्सने २०१० मध्ये ‘स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स’ हा गल्ली क्रिकेटचा खेळ प्लेस्टेशन २ आणि पीएसपीसाठी काढला. ‘डॉन २’ चित्रपटावरचा खेळही २०१३ मध्ये याच दोन यंत्रांवर आला. जगातले संग्राहक मारिओ आणि गॉड ऑफ वॉर सांभाळतील, त्यांची काळजी नको. गल्लीत खेळायच्या क्रिकेटची चकती अमेरिकेतला संग्राहक कशाला शोधील? ती आपल्याच एखाद्या माळ्यावर असेल, आणि ती जपणं आपल्याच अंगावर आहे.

वसईत ही निकड जरा जास्तच आहे. पश्चिम पट्ट्यातली खारी, दमट हवा धातूच्या संपर्कपट्ट्यांना सोडत नाही. जुलै २०१८ च्या पुरात नालासोपाऱ्याला रूळ पाण्याखाली गेले, तळमजल्यांत पाणी शिरलं. अशा पावसात कपाटाच्या खालच्या खणातल्या वस्तू पहिल्या जातात. त्याहून मोठा धोका आतूनच असतो. पीएसपीची लिथियम बॅटरी वर्षानुवर्षं पडून राहिली की फुगते. मागचं झाकण नीट बसत नसेल किंवा वर आलेलं दिसलं, तर बॅटरी खराब झाली आहे असं धरून चाला. ती टोचू नका, दाबू नका, चार्ज तर मुळीच करू नका. काढून ई-कचरा घेणाऱ्याकडे द्या. ओल्या-सुक्या कचऱ्यात टाकू नका.

कुलूप काढायचं ठरवलंत तर तीन गोष्टी लक्षात ठेवा. नवी प्रणाली लिहिली जात असताना वीज गेली किंवा बॅटरी संपली तर यंत्राची वीट होते, म्हणून बॅटरी चांगली भरलेली आणि चार्जर लावलेला, दोन्ही हवं. आपल्या भागात पावसाळ्यात हे काम न केलेलंच बरं. दुसरं, बाजारातल्या स्वस्त मेमरी स्टिकमध्ये नकली माल पुष्कळ असतो. त्यापेक्षा मायक्रोएसडी कार्ड बसणारा अडॅप्टर घ्या आणि कार्ड नावाजलेल्या कंपनीचं वापरा. तिसरं, एखादा दुकानदार अजूनही ‘पाचशे गेम टाकून देतो’ म्हणाला तर त्याला नको म्हणा. पाचशे खेळ कोणी खेळत नाही. स्वतःच्या पाच चकत्या उतरवून त्यातला एक शेवटपर्यंत खेळण्यात जास्त आनंद आहे.

मात्र हे सगळं करण्याआधी एक काम आजच उरका. कपाटात पीएसपी असेल तर बाहेर काढा, बॅटरी वेगळी करा आणि मेमरी स्टिक संगणकाला जोडा. तिच्यात ‘पीएसपी’ नावाच्या फोल्डरमध्ये ‘सेव्हडेटा’ असं दुसरं फोल्डर असेल. तुम्ही किंवा तुमच्या भावाने वीस वर्षांपूर्वी अर्धवट सोडलेले सगळे खेळ त्यातच आहेत. ते आधी संगणकावर उतरवून घ्या, मग बाकीच्या प्रयोगांना हात घाला.