घामाच्या दामालाही मुदत असते!



गोष्ट २०१७ सालची आहे. रविवारची वंदना आटोपून विहाराबाहेर आलो, तर आमच्या वस्तीतील एक मावशी वाट पाहत उभ्या होत्या. एका खाजगी इमारतीत ठेकेदारामार्फत झाडलोट करीत होत्या. जूनअखेर ठेका संपला आणि काम सुटले. हाती पडणारा पगार सरकारी किमान वेतनापेक्षा बराच कमी होता. ही जुलैची सुरुवात होती.

मी कारकून माणूस. म्हटले, आधी सामोपचाराने बघू. ठेकेदाराने हात जोडले, "गणपतीनंतर देतो." मग "दसऱ्याला नक्की." शेवटी ऑक्टोबरअखेर आम्ही अर्ज केला. तेव्हा १९४८ च्या किमान वेतन कायद्याची मुदत होती फक्त सहा महिने. जुलैतच अर्ज केला असता तर जानेवारी ते जून असे सहा महिने दाव्यात बसले असते. आता एप्रिल, मे, जून एवढे तीनच बसले. योग्य कारण असेल तर उशीर माफ होत असे, पण ठेकेदाराचा शब्द तोंडी होता. आमच्याकडे पुरावा काय? मावशी एवढेच म्हणाल्या, "भाऊ, काम तर मी त्या महिन्यांतबी केलंच होतं ना?" मला उत्तर देता आले नाही. चूक माझी होती. तशी चूक तुमची होऊ नये म्हणून हा लेख.

किमान वेतन ही मालकाची मेहेरबानी नव्हे. बाबासाहेब व्हाइसरॉयच्या मंत्रिमंडळात मजूरमंत्री असताना १९४६ साली हे विधेयक मध्यवर्ती कायदेमंडळात आले आणि १९४८ साली त्याचा कायदा झाला. १९८२ साली सर्वोच्च न्यायालयाने एशियाडच्या बांधकाम मजुरांच्या खटल्यात सांगितले की, किमान वेतनाहून कमी पैशांत काम करून घेणे ही संविधानाच्या कलम २३ ने बंद केलेली वेठबिगारीच आहे. आपल्या वाडवडिलांनी गावकीची वेठ नाकारली. मग शहरात आपण ती का सोसावी?

आता कायदा बदलला आहे. २१ नोव्हेंबर २०२५ पासून वेतन संहिता, २०१९ लागू झाली. तिच्या कलम ४५ प्रमाणे दावा करण्याची मुदत तीन वर्षे आहे. त्यानंतरही सबळ कारण पटवले तर अधिकारी अर्ज घेऊ शकतात. अर्ज कामगार स्वतः करू शकतो, तो सभासद असलेली नोंदणीकृत युनियन करू शकते किंवा सरकारी निरीक्षकही करू शकतो. फरकाच्या रकमेशिवाय तिच्या दहा पटीपर्यंत नुकसानभरपाईचा हुकूम होऊ शकतो. मालकाने पैसे दिले नाहीत, तर जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे वसुली होते. आणि पगार दिला हे सिद्ध करण्याची जबाबदारी मालकावर आहे.

थोडा हिशेब करू. समजा रोज ७० रुपये कमी मिळतात. २६ दिवसांचे झाले १,८२० रुपये. सहा महिन्यांचे १०,९२० आणि तीन वर्षांचे ६५,५२० रुपये. एवढ्यात मुलीच्या शिक्षणाचा केवढा भार हलका होईल!

पण तीन वर्षे म्हणजे स्वस्थ बसण्याची परवानगी नव्हे. प्रत्येक महिन्याच्या पगाराची मुदत वेगळी मोजतात. तीन वर्षे उलटली की सर्वांत जुना महिना आधी गळतो, पुढच्या महिन्यात दुसरा. तोंडी तक्रारीने किंवा मालकाच्या आश्वासनाने ही गळती थांबत नाही. अर्ज दाखल करावा लागतो. २१ नोव्हेंबर २०२५ पूर्वीची थकबाकी असेल तर उशिराचे कारण लेखी मांडा आणि जाणत्या वकिलाचा सल्ला घ्या.

म्हणून आजच एक वही घाला. हजेरी, कामाचे तास आणि हाती आलेली रक्कम तारखेसह लिहा. पगारपावती मागा, ती देणे मालकावर बंधनकारक आहे. बँकेचे पासबुक, हजेरी कार्ड, गेटपास जपून ठेवा. आपल्या कामाचा दर कामगार आयुक्त कार्यालयात विचारा. मूळ वेतनावर विशेष भत्ता असतो आणि महाराष्ट्रात तो दर सहा महिन्यांनी बदलतो. कोऱ्या कागदावर सही-अंगठा देऊ नका. "माझे काही येणे नाही" असे लिहून घेतले असेल तरी घाबरू नका, कायद्याने मिळणारा हक्क अशा लिखाणाने बुडत नाही. अर्जाच्या प्रतीवर पोच-शिक्का घ्यायला विसरू नका.

लिहिता येत नसेल तर घरातल्या शिकत्या मुलाला ती वही लिहायला लावा. आईच्या घामाचा हिशेब ठेवणे हाही अभ्यासच आहे.

जयभीम!