एक जलधी जोड आणि दोन छाटण्या

दिवाळीच्या सुमारास अकलूजला घोडेबाजार भरतो. जाणतं गिऱ्हाईक आधी घोड्याचा जबडा उघडून दात बघतं. दातावरून वय कळतं, आणि वयावरून जनावर किती शिकलंय आणि किती शिकायचं राहिलंय याचा अंदाज येतो. शिंगरू जन्मल्यावर तास-दोन तासांत चारी पायांवर उभं राहतं. त्याच गावातलं माणसाचं पोर पहिलं पाऊल टाकायला वर्ष घेतं, आरशातल्या स्वतःला ओळखायला दीड-दोन वर्षं घेतं, आणि समोरच्याची समजूत आपल्यापेक्षा वेगळी, अगदी चुकीचीही असू शकते हे कळायला चार वर्षं. पुढचामागचा विचार करणारा कपाळामागचा मेंदू पक्का व्हायला तर पंचविशी उजाडते. एवढी दिरंगाई कशासाठी, ते आकड्यांत बघण्यासारखं आहे.

माणसाच्या मेंदूत चेतापेशी किती? पाठ्यपुस्तकं वर्षानुवर्षं दहा हजार कोटी सांगत आली, आणि तो आकडा कुणी मोजला होता हे कुणालाच सांगता येत नव्हतं. २००९ साली ब्राझीलच्या सुझाना हर्क्युलानो-हूझेल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी मेंदूचं चक्क पातळ सार केलं, त्यात तरंगणारी पेशीकेंद्रं मोजली आणि उत्तर दिलं: सुमारे ८,६०० कोटी. सेकंदाला एक या वेगाने कुणी त्या मोजायला बसलं तर २,७०० वर्षं लागतील, म्हणजे आज संपवायचं तर सुरुवात गौतम बुद्धाच्या आधी करायला हवी होती. यातल्या ६,९०० कोटी मानेच्या वरच्या लहान मेंदूत असतात. ज्याला आपण बुद्धी म्हणतो तिचा मुख्य कारभार मोठ्या मेंदूच्या वरच्या थरातून चालतो, तिथे १,६०० कोटी. हत्तीकडे एकूण पेशी आपल्या तिप्पट आहेत, २५,७०० कोटी. पण वरच्या थरात जेमतेम ५६० कोटी. तेव्हा नुसत्या बेरजेवर जाऊ नये.

वरच्या थरातल्या या १,६०० कोटी पेशी बहुतांशी गर्भारपणाच्या साधारण पाच महिन्यांत तयार होतात. भागाकार केला तर मिनिटाला सत्तर हजारांच्या वर. त्या काळात आईच्या ताटात काय पडतं याला किती महत्त्व आहे, हे पुण्याच्या केईएम रुग्णालयाने आपल्याच मातीत तपासलं आहे. डॉ. चित्तरंजन याज्ञिक यांच्या चमूने १९९३ साली पुण्याजवळच्या सहा गावांत गर्भवती स्त्रियांची पाहणी सुरू केली आणि जन्मलेल्या मुलांचा माग पुढे वर्षानुवर्षं ठेवला. मुलं नऊ वर्षांची झाल्यावर त्यांच्या चाचण्या घेतल्या, तेव्हा गर्भारपणी ज्या आयांच्या रक्तात ब-१२ जीवनसत्त्व फार कमी होतं त्यांची मुलं एकाग्रतेच्या आणि तात्पुरत्या स्मरणाच्या चाचण्यांत मागे पडलेली दिसली. हे जीवनसत्त्व आपल्या शरीराला दिवसाला अडीच मायक्रोग्रॅमच्या आसपास लागतं. एका ग्रॅमचे दहा लाख भाग केले तर त्यातले अडीच. मला या साऱ्या लेखातला सर्वांत थक्क करणारा आकडा हाच वाटतो, आणि तो मोठा नसून छोटा आहे.

पेशी तयार झाल्या तरी एकटी पेशी काही करत नाही. काम होतं ते जोडांमुळे. हार्वर्डच्या बालविकास केंद्राच्या अंदाजाने पहिल्या काही वर्षांत बाळाच्या मेंदूत दर सेकंदाला दहा लाखांहून अधिक नवे जोड तयार होतात. प्रौढ मेंदूतल्या जोडांचा प्रचलित अंदाज एकावर चौदा शून्यं, म्हणजे एक कोटी कोटी. भास्कराचार्यांनी ११५० मध्ये लीलावतीत संख्यांच्या पायऱ्या दिल्या आहेत, त्यात या पायरीचं नाव जलधी आहे. सेकंदाला एक याप्रमाणे जलधी मोजायला ३१ लाख वर्षांहून अधिक लागतील. तेवढं मागे गेलं तर मोजायला बसणारा माणूसच पृथ्वीवर नव्हता.

आता खरी गंमत. हे जोड गरजेपेक्षा फार जास्त होतात आणि मग तोडले जातात. अकलूजच्या शेजारच्या पंढरपूर तालुक्यात, कासेगावकडे द्राक्षबागा आहेत. तिथल्या बागायतदाराला दोन छाटण्या सांगाव्या लागत नाहीत: एप्रिलची खरड छाटणी, तिच्यातून काडी तयार होते, ऑक्टोबरची गोडी छाटणी, तिच्यातून घड येतो. मेंदूचीही ढोबळमानाने अशीच दोनदा छाटणी होते.

खरड छाटणी पाळण्यातच सुरू होते. डोळ्यांकडून आलेला निरोप वाचणाऱ्या भागात जोडांची दाटी आठव्या महिन्याला कळसाला पोचते आणि अकराव्या वर्षापर्यंत त्यातले चाळीस टक्के गेलेले असतात. हे पीटर हुटेनलोकर यांनी मृत मुलांच्या मेंदूचे काप सूक्ष्मदर्शकाखाली ठेवून एकेक जोड मोजत सिद्ध केलं. कानाचं उदाहरण तर आपल्या घरातलं आहे. जॅनेट वर्कर यांनी १९८४ साली कॅनडात इंग्रजी घरांतल्या बाळांना हिंदीतले त आणि ट ऐकवले. सहा-आठ महिन्यांच्या बहुतेक बाळांना फरक कळला. वर्षाच्या उंबरठ्यावरच्या फारच थोड्यांना कळला. घरात त-ट चा भेद कुणी करत नाही, म्हणून त्यांच्या कानाने तो सोडून दिला. परदेशी वाढलेल्या नातवाला ‘ताट’ नीट म्हणता येत नाही म्हणून आजोबा हसतात. त्याचा निकाल पहिल्या वाढदिवसाच्या आतच लागलेला असतो.

‘मी’ उगवतो तो या धामधुमीत. १९७२ साली ब्यूला ॲम्स्टरडॅम यांनी मुलांच्या नाकावर नकळत रंगाचा ठिपका लावून त्यांना आरशापुढे आणलं. दीड ते दोन वर्षांच्या दरम्यान मुलांचा हात आरशाकडे न जाता स्वतःच्या नाकाकडे जायला लागला. पण या कसोटीवर फार विसंबू नये. २०११ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात केनियातल्या दीड ते सहा वर्षांच्या ८२ मुलांपैकी फक्त दोघांनी ठिपक्याला हात लावला. बाकीच्या ऐंशी जणांना आपण कोण हे ठाऊक नव्हतं, असं म्हणायला माझी जीभ धजत नाही. अनोळखी पाहुण्यांपुढे गप्प उभं राहायचं एवढं त्यांना शिकवलेलं असावं. आणि घोडा? २०२१ साली इटलीतल्या पिसा इथल्या संशोधकांनी चौदा घोड्यांच्या गालावर खूण केली. खूण रंगीत असताना आरशासमोर आलेले घोडे गाल जास्त घासत होते. मराठीत मात्र आरशाखेरीज एक कसोटी रोज घरात होते. ‘बाळाला पाहिजे’ म्हणणारं पोर ‘मी’वर आलं, की ‘जातो’ की ‘जाते’ हे त्याला दर वाक्यात ठरवावं लागतं, आणि दिवसभर आईच्या मागे फिरणारे कितीतरी मुलगे आधी बेधडक ‘मी जाते’ म्हणतात.

पाचव्या वर्षाच्या सुमाराला मेंदूची भूक शिगेला पोचते. शरीर दिवसाला जी ऊर्जा खर्च करतं तिच्यातला जवळजवळ ४३ टक्के वाटा एकटा मेंदू खातो, आणि नेमक्या त्याच वर्षांत अंगाची वाढ सर्वांत मंद असते. खाल्लेलं अंगी लागत नाही ही आजीची तक्रार तशी बरोबरच आहे.

दुसरी छाटणी वयात येताना. झाग्रेबच्या पेटान्येक यांनी २०११ मध्ये दाखवलं की कपाळामागच्या भागात लहानपणी प्रौढांच्या दुप्पट-तिप्पट जोड असतात आणि त्यांची तोड तिशीपर्यंत चालते. एकीकडे तोड, दुसरीकडे उरलेल्या तंतूंवर चरबीचं आवरण चढून निरोप जलद जाऊ लागतात. डेन्मार्कच्या लिस्बेथ मार्नर यांच्या चमूने आवरण चढलेल्या या तंतूंची लांबी मोजली. विशीतल्या पुरुषाच्या मेंदूत सुमारे १ लाख ७६ हजार किलोमीटर, बाईच्या १ लाख ४९ हजार. तुकोबांची पालखी देहूहून अकलूजमार्गे पंढरपूरला जाते ते अंतर अडीचशे किलोमीटर धरलं, तर पुरुषाच्या एका डोक्यात सातशे वाऱ्या.

मग या बुद्धीला गुण द्यायचे कधी? आपण देतो दहाव्या-अकराव्या वर्षी. शिष्यवृत्ती परीक्षेत बुद्धिमत्ता चाचणीचे पन्नास प्रश्न आणि शंभर गुण; ज्यांच्या कपाळामागची छाटणी अजून निम्मीही झालेली नाही अशी पोरं गोळे रंगवत बसतात. जोशुआ हार्टशॉर्न आणि लॉरा जर्माइन यांनी २०१५ मध्ये ४८,५३७ जणांच्या चाचण्या तपासल्या, तेव्हा बुद्धीचा कळस असा एक सापडलाच नाही. वेग अठरा-एकोणीसला कळसाला होता, तात्पुरतं स्मरण पंचविशीत, चेहऱ्यावरून मन ओळखणं चाळिशी-पन्नाशीत, आणि शब्दसंपत्ती साठीच्याही पुढे.

स्कॉटलंडने १ जून १९३२ रोजी १९२१ साली जन्मलेल्या देशातल्या जवळजवळ सगळ्या शाळकरी मुलांची, ८७,४९८ जणांची, एकाच दिवशी परीक्षा घेतली. ते कागद जपून राहिले. त्यातल्या काहींना पुढे ७९ व्या वर्षी आणि नंतर नव्वदीत पुन्हा तीच प्रश्नपत्रिका दिली. अकराव्या आणि नव्वदाव्या वर्षीच्या गुणांचा सहसंबंध ०.५४ निघाला. त्याचा वर्ग केला तर ०.२९, म्हणजे नव्वदीतल्या माणसामाणसातल्या फरकाचा तीन दशांशाहून कमी भाग त्या बालपणीच्या कागदात लिहिलेला होता. ७९ व्या वर्षी त्याच प्रश्नांना, तेवढ्याच पंचेचाळीस मिनिटांत, त्यांनी सरासरीने लहानपणापेक्षा जास्त गुण मिळवले. मार्नर यांच्या मोजणीप्रमाणे त्या वयापर्यंत तंतूंची लांबी पुरुषांत ९७ हजार आणि बायकांत ८२ हजार किलोमीटरपर्यंत उतरलेली असते.