माळावरची खरपुडी आणि गडावरची

श्रावणात आमच्या सोलापूरकडील मुरमाड माळांवर काटेरी झुडपांच्या आधाराने एक नाजूक वेल चढते. ती खरपुडी. गुराखी तिचा कंद उकरून कच्चाच खातात. माझ्या आजीलाही कंद अचूक सापडतो. फूल मात्र तिने कधी निरखले नाही. रॉक्सबर्गनेही १७९५ साली ‘सेरोपेजिया बल्बोसा’ हे नाव दिले ते कंदावरूनच!

वास्तविक फूलच पाहण्याजोगे. इवलासा कंदील जणू: तळाशी फुगीर, मध्ये नळी, वर पाकळ्यांची टोके जुळलेली. वासाला भुलून चिलटे आत शिरतात. नळीतील केस आतल्या बाजूस वळलेले असल्याने परतीची वाट बंद होते. केस कोमेजले की कैदी सुटतो, पण परागपुंज अंगाला चिकटवून घेऊनच. आणि पुन्हा दुसऱ्या फुलात फसतो. त्यातूनच बीजधारणा होते.

हिची एक दुर्मिळ बहीण, ‘सेरोपेजिया लॉई’, अहिल्यानगर जिल्ह्यातील हरिश्चंद्रगडावर आढळते. ती वेल नव्हे, सरळ उभी वाढते. हूकरने १८८३ साली तिचे वर्णन केले. पुढे अनेक दशके ती कोणाला दिसली नाही. कोल्हापूरच्या शिवाजी विद्यापीठात डॉ. एस. आर. यादव यांनी अशा दुर्मिळ कंदीलपुष्पांची रोपे वाढविली.

गडावरचीला निदान कड्याचा आडोसा आहे. माळावरचीचे काय? माळ नांगरले जातात, त्यांवर प्लॉट पडतात, शेळ्या शेंडे खुडतात, आणि कंद उपटला की वेलच संपते. शेंगा फुटून बी वाऱ्यावर गेल्यावर कंद काढला तर निभावेल. पण तोवर पाने वाळलेली असतात आणि कंद आजीलाही सापडत नाही.