पंधरा कप की एक?

स्विस मानसशास्त्रज्ञ जाँ पियाजे यांनी १९३२च्या पुस्तकात मांडलेला पेच साधा आहे. एका मुलाकडून दार उघडताना नकळत १५ कप फुटले; दुसऱ्याच्या हातून चोरून जॅम काढताना एकच फुटला. जास्त चूक कोणाची? सहा-सात वर्षांची बरीच मुले पहिल्याकडे बोट दाखवतात, नऊ-दहाची हेतू पाहतात. हेतू ठळक सांगितला तर त्याहून लहानांनाही तो कळतो, हे पुढच्या संशोधनात दिसले. म्हणजे समज असते, तिला वाव हवा; आणि तो धाकापेक्षा बरोबरीच्या मुलांशी बोलताना, भांडताना अधिक मिळतो, हे पियाजेंचे म्हणणे मला पटते.

२००९मध्ये बीड जिल्ह्यात सुरू झालेल्या 'मूल्यवर्धन' उपक्रमातही जोडीत, गटात चर्चा हाच गाभा आहे. भंडारा जिल्ह्यातल्या लहान शाळेत दोन-तीन वर्ग एकाच शिक्षकाकडे असतील, तर चर्चेला वेळ कुठला, हा आक्षेप रास्त आहे. पण दुसरीचा आणि चौथीचा मुलगा शेजारी बसतात, तेव्हा दोन वेगळे विचार आपोआप समोरासमोर येतात. त्यासाठी वेगळा तास नको. पोषण आहाराच्या वेळी कुणाचे ताट सांडले, तर गुरुजींनो, शिक्षेआधी वर्गाला एवढेच विचारा: कसे सांडले, आणि आता काय करायचे?